मालतीपत्रं समर्पयामि

— हलू नका. नाही, मान नक्को, मान अजिबात हलवायची नाही, आणि ओठ मिटा, हर्षदराव, हळूच, असे — हं — ओठ हलले की त्याला वाटतं पाल पळाली, आणि मग पालीला तो जे करतो तेच तुमच्या ओठाला करायला बघेल. श्वास घ्या की! श्वासाला मी कुठे नाही म्हटलं? फक्त पोटातून घ्या, खांदे वर न उचलता. शाब्बास. काही झालेलं नाही. तुम्ही आमच्या गणपतीला वाकून नमस्कार केलात, मखरावरून एक साप तुमच्या खांद्यावर उतरला आणि तुम्ही धपकन मागे खुर्चीत बसलात, एवढंच झालंय. सणावाराला एवढं होतंच — बरं, होत नाही, मान्य, पण झालंय तर आता काय करता? पळाला नाहीत हे फार चांगलं केलंत. मागे एक मुलगा आला होता आमच्या मेघनाला पाहायला, तो झुरळ बघून सोफ्यावर चढला होता, बुटांसकट. पुण्याचाच होता. तुम्ही त्या मानानं — नाही नाही, हसू नका, हसलात की पोट हलतं आणि पोट हललं की खांदा हलतो.

आता आपली बोलायची सोय करू या. तुमचा उजवा हात खुर्चीच्या हातावर आहे ना, त्याचं एक बोट — एकच — वाजवा. वा! छान ऐकू आलं. एकदा वाजवलं म्हणजे हो, दोनदा म्हणजे नाही. डोळ्यांनी खुणा करू नका, तुम्ही डोळे बारीक-मोठे करून मला काही — म्हणजे त्याला आवडत नाही ते. बोटाचं ठीक आहे, बोट त्याच्यापासून लांब आहे. आणि हवेतला आवाज त्याला आपल्यासारखा ऐकू येत नाही, म्हणून मी बोलले तर चालतं. मी बोलणारच. सरकारी शाळेत जन्मभर जीवशास्त्र शिकवलंय, पोरं गप्प आणि इंदुमतीबाई चालू, हीच आमची पद्धत. तर पहिला प्रश्न — भीती वाटते? एक. खरं बोललात, आवडलं मला. आता तुमच्या मनातला प्रश्न, की हा चावतो का? चावतो. साप आहे, चावणार नाही तर काय जपमाळ ओढणार — पण पुढचं ऐका ना, खुर्ची करकरली, हललात तुम्ही!

याचं नाव हरणटोळ. घाबरण्यासारखं नाव तरी आहे का ते? अंगानं करंगळीएवढा, पण लांब, चांगला लांब, शेवग्याच्या शेंगेसारखा, तोंड पुढे टोकदार. आमच्या प्रयोगशाळेत बरणीत होता एक. औषधी पाण्यात ठेवला की याचा हिरवा रंग उडतो, निळा पडतो. पोरं विचारायची, बाई, पुस्तकातला हिरवा आणि बरणीतला निळा, खरा कुठला? असो. विष आहे, खोटं कशाला सांगू? पण सौम्य. नागाला, घोणसाला विषाचे दात पुढे असतात, टोचले की काम झालं. याचे मागे, पार जबड्याच्या मागच्या बाजूला, आणि त्यांना धड नळीसुद्धा नाही, नुसती खाच, तिच्यातून विष ओघळत येतं. म्हणजे याला कुणाला विष द्यायचं तर आधी तोंडात धरा, मग मागे न्या, मग चघळत बसा — पानवाल्याच्या दुकानापुढे उभं राहिल्यासारखं. सरडा, पाल, बेडूक, एखादं चिटुकलं पाखरू, तेवढं जमतं त्याला. तुम्ही केवढे! तुमचा नुसता कान चघळायचा तर याची दुपार जाईल. झालंच तर सूज येते, खाज सुटते, जरा ठणकतं. हां, मात्र चावला तर लगेच डॉक्टर, ते मी पोरांना नेहमी बजावायचे. साप कुठलाही असो, मंत्रतंत्र नक्को, सरळ डॉक्टर. डॉक्टरला काय घाबरायचं? तो काय खातो?

फक्त मेघना केळीची पानं घेऊन परत यायच्या आत आपल्याला हे उरकायचंय. का म्हणजे? घाबरते ती सापाला. दोन? दोन काय वाजवताय? ती घाबरते की नाही ते तुम्हाला काय माहीत, आज तर पहिल्यांदा पाहताय तिला! चहासुद्धा व्हायचाय अजून.

मी आत्ता उचलला असता त्याला, एका हातानं. पण उचलताना तोंड कुठे आहे ते बघावं लागतं, मधे आधार द्यावा लागतो — आणि तुम्ही आलात हा हिरवागार कुर्ता घालून! हिरव्यावर हिरवा साप कुणाला दिसणार? घारीला दिसणार नाही. त्याचं तरी काय चुकलं, त्याला वाटलं घरात चांगलं झाड आलंय, गच्चीबावलीला नोकरी असलेलं. पुन्हा दोन? मी काही विचारलंच नाही तुम्हाला. विचारल्याशिवाय उत्तर द्यायचं नाही, आमच्या वर्गात असलं चालत नसे.

आणि ते डोळ्यांचं मनातही आणू नका. तुम्ही ऐकलं असेल कुणाकडून तरी. आमच्या शेजारच्या विजयलक्ष्मीगारू याला पसिरिक पामु म्हणतात आणि म्हणतात, हा झाडावर दबा धरून बसतो आणि येणाऱ्याजाणाऱ्याचे डोळे फोडतो. नेम धरून! मी म्हटलं, अम्मा, त्याला तुमच्या डोळ्यांचं काय करायचंय, लोणचं घालायचंय? आमची एक आत्या म्हणायची, हा टाळूवर चावतो आणि मग झाडाच्या शेंड्यावर जाऊन माणसाच्या चितेचा धूर बघत बसतो. सापाला तेवढाच उद्योग! तो बिचारा झुडपात पाल शोधतो, वर आपण झाडाखाली वाकून तोंड घालतो, आणि आपलं नाक हललं की त्याला वाटतं आली पाल, मारतो टोच, की झाली कहाणी तयार. डोळा म्हटलं की माणसाची अक्कलच बंद पडते बघा. शिकलेली, सवरलेली माणसं — डोळ्याजवळ काही आणलं की सशासारखी. अहो, कुणी तुमच्या डोळ्याला काही करत नाहीये. थोडा वेळ न हलता, न बोलता बसायचं, की झालं. भीती तेवढी असते, बाकी काही नसतं. पटतंय? एक. बघा, समजावून सांगितलं की पटतं.

डोलतोय का तो? एक. डोलू दे. वाऱ्यानं फांदी हलते तसा हलतोय तो, आपण साप नाही, डहाळी आहोत, असं तुम्हाला पटवून देतोय. पटल्यासारखं करा. आणि जीभ बाहेर काढून तशीच ठेवलीय? एक. हौ, तीच त्याची खूण, बाकीचे साप जीभ आतबाहेर करतात, हा आपला काढली की विसरून जातो. अंग फुगवलंय का? फुगवलं की खवल्यांच्या मधून काळी-पांढरी नक्षी दिसते. दोन. मग रागावलेला नाही. आणि डोळे बघा त्याचे. नागाची बाहुली गोल, मांजऱ्या सापाची उभी, याची आडवी, कुलपाच्या भोकासारखी, आणि टोकदार तोंडाच्या दोन्ही बाजूंनी खाच, म्हणजे समोरचं त्याला दोन्ही डोळ्यांनी एकदम दिसतं. अंतर कळतं. किती लांब पाल, किती झेप — अगदी नेमकं. सापांमध्ये अशी नजर फार थोड्यांना. नजर असावी तर अशी. किती दिसत असेल त्याला, नाही? प्रत्येक पानाची कड न् कड दिसत असेल.

काय म्हणत होते मी? हां, तो म्हणतेय, पण ती असेल कदाचित. बाईच मोठी असते यांच्यात. आणि अंडी घालत नाही बरं का, सरळ पिल्लांनाच जन्म देते, पावसाळ्यात. पोट जरा जाडसर वाटतंय का? ... एक? अरे बापरे. नाही नाही, परेशान होऊ नका, आज नाही होणार. आणि झालीच तर — किती शुभ! पुण्याला फोन करून सांगा, मुलगी पाहायला गेलो होतो, खांद्यावर बारसं करून आलो. हसू नका म्हटलं ना!

आला कसा म्हणजे — खिडकीतून आला. उघडीच असते ती. साप थंड रक्ताचा प्राणी, बाहेर गार असलं की तोही गार, सुस्त, आणि ऊब मिळाली की जागा. म्हणून तर सकाळी किती शहाण्यासारखा पडून होता गणपतीपुढे, पूजा झाली, आरती झाली, टाळ्या वाजल्या, हूं नाही की चूं नाही. मग समईची ऊब लागली, मेघनानं मागून त्या रंगीत दिव्यांच्या माळा लावल्या, तशी जाग आली त्याला. रात्रभर फ्रीजच्या खालच्या कप्प्यात ओल्या पंच्यात गुंडाळून ठेवल्यावर कुणालाही उठायला जरा — काय म्हणाले मी? नाही, फ्रीज नाही म्हणाले. म्हणाले? एक. बरं, म्हणाले.

सांगते. पण तुमच्यामाझ्यातच ठेवायचं. गणपतीला एकवीस पत्री लागतात, ते तुमच्या पुण्यातही असेलच. बाजारात जुडी तयार मिळते, काल अंबरपेठच्या बाजारात ढीग लागले होते, मेघना म्हणालीसुद्धा, आत्या, मी येताना आणते. मी म्हटलं, नक्को. त्या जुडीत निम्मं गवत असतं. आमचे आजोबा निजामाच्या अमदानीत गौलीगुड्याला राहायचे, तेव्हापासून आमच्या घरी हातानं तोडलेली पत्री, ओळखून, नाव घेऊन. मी जीवशास्त्राची बाई, मला बाजारची जुडी? काल दुपारी परडी घेतली आणि कंपाउंडभर फिरले. सगळी ओळखली मी — तुळस वासावर, रुई चिकावर, बेल काट्यावर, आघाडा तर पदरालाच चिकटला. मालती राहिली होती. आमच्याकडे मालती म्हणून मधुमालतीच वाहतात, भिंतभर वेल आहे बाहेर. हात घातला, एक लांबशी कोवळी डहाळी हाताला लागली — गार, गुळगुळीत. ओढली, आली. मनात म्हटलंसुद्धा, काय सुंदर वेल, एक पान किडकं नाही. पानच नव्हतं, हर्षदराव! ठेवली परडीत, पंच्यात गुंडाळली, फ्रीजमध्ये. आणि आज सकाळी स्नान करून, सोवळ्यानं, दोन्ही हातांत धरून — मालतीपत्रं समर्पयामि — वाहिली गणपतीला. त्यानंही तक्रार केली नाही. स्वभावच तो त्याचा, धरला की काठी होऊन पडायचं. विजयलक्ष्मीगारू दर्शनाला आल्या, त्या म्हणाल्या, मखरावरची हिरवी माळ छान आहे, कोठीच्या बाजारात मिळाली का? मी म्हटलं, घरची आहे.

तुम्ही म्हणाल, जीवशास्त्राची बाई आणि साप ओळखता आला नाही. तर मी म्हणते, पानांत पडलेला हरणटोळ भल्याभल्यांना दिसत नाही, हीच तर त्याची करामत, आता तुमच्या या हिरव्या कुर्त्यावर तरी कुठे — दोन? पुन्हा दोन! मघापासून हिरवा म्हटलं की दोन वाजवताय तुम्ही. का? कुर्ता हिरवा नाही? ... एक. चला, काहीतरीच. मग काय पोपटी? दोन. पिस्ता? दोन. हर्षदराव, सापाखाली बसून थट्टा करू नये. निळा आहे का?

निळा.

आकाशी? एक. म्हणजे आकाशी कुर्त्यावर एवढा हिरवागार साप, सगळ्या अंबरपेठेला रस्त्यावरून दिसेल असा, आणि मी इथे तुमच्यापुढे उभी राहून घारीच्या गोष्टी सांगतेय. बरणीत हिरव्याचं निळं व्हायचं, माझ्याकडे निळ्याचं हिरवं झालंय. हं. आता लपवून काय उपयोग? मोतीबिंदू आहे. दोन्ही डोळ्यांत, चांगला पिकलाय. हलणारं दिसतं, उजेड-अंधार दिसतो, तुम्ही म्हणजे एक लांब आकृती आहात — छान उंच आहात, तेवढं कळलं मला. साप डोलतो तेव्हा कळतो, थांबला की गेला. तोंड कुठे, शेपूट कुठे, शपथ सांगते, मला काही दिसत नाही. म्हणून मघापासून बडबडतेय. म्हटलं, बोलता बोलता तोच उतरेल.

हे मेघनाला कळता कामा नये. माझ्या गळ्याची शपथ — तुमच्या नक्को, तुमच्या गळ्याशी तो आहे. पोरीचे आईवडील लहानपणीच गेले, माझ्याजवळच वाढली. माझा जीव आहे ती, सरळ सांगते. दोन चांगली स्थळं तिनं घालवली, का, तर आत्याला एकटी टाकून पुण्याला जाणार नाही. आणि तेव्हा तर माझे डोळे ठणठणीत होते! आता कळलं तर ही पोट्टी लग्नाचं नावच काढणार नाही, माझी काठी होऊन बसेल या घरात. मला नक्को ते. तिनं जावं, नवऱ्याशी भांडावं, सुखात राहावं. ऑपरेशन करून टाका म्हणाल. अहो, गेले होते मी. कोठीला, एकटी, पुस्तकं बघायला जाते सांगून. डॉक्टर चांगला होता, गोड बोलला. म्हणाला, अम्मा, काही नाही, डोळा उघडा ठेवायचा, तुम्ही जाग्याच असाल. डोळा उघडा! मी जागी! आणि तो येणार काहीतरी घेऊन! मी तिथून जी निघाले, हर्षदराव, घरी आले तेव्हा एका पायात चप्पल नव्हती. वर्गच्या वर्ग बेडूक कापून दाखवलेत मी, हात नाही थरथरला, पण माझ्या डोळ्याला कुणी हात लावायचा म्हटलं की —. हसताय ना? हसा. पोटातल्या पोटात हसा.

पण लपवलंय मात्र हुशारीनं. तिला संशयसुद्धा नाही. उलट नशीबच बघा कसं आहे, मराठी वाचायची सवय नाही म्हणून ती रोज सकाळी मला सगळा पेपर मोठ्यानं वाचून दाखवते — आत्या, माझं वाचन सुधारायचंय म्हणते. या वयात! अडखळत अडखळत, अग्रलेखसुद्धा. मग पायऱ्यांच्या कडांना तिनं पांढरा रंग लावला, फॅशन आहे म्हणे हल्ली. डबे बदलले, मीठ एकदम गोल डब्यात, साखर चौकोनी. घड्याळ आणलं ते बटण दाबलं की वेळ बोलून दाखवतं, ऑफिसात बक्षीस मिळालं म्हणे. एकेक असं आपोआप जुळून आलं की मला काही करावंच —

तुम्ही गप्प का? म्हणजे बोट गप्प का?

हर्षद. तिला माहीत आहे?

एक.

बरेच दिवस? एक. आणि ते मराठी वाचन...? अगं बाई गं. मला वाटलं मी तिचं मराठी सुधारतेय. मी तर तिला ऱ्हस्वदीर्घावरून ओरडायचे, आणि ती मुकाट पुन्हा वाचायची. थांबा जरा. पदर कुठे गेला माझा. — काही नाही, धुपाचा धूर गेला डोळ्यात.

आणि तुम्हाला हे तिनं सांगितलं. एक. मग तुम्ही तिला आज पहिल्यांदा भेटताय, हे तरी खरं? दोन. लग्नाचं ठरवून बसलात दोघं? एक. आणि मी वेडी सकाळपासून तिला शिकवतेय, पाहुण्यांपुढे कशी बस, कशी बोल! पुण्याला नेणार आहेस तिला? दोन. इथेच राहणार, हैदराबादेत? एक. बरं. ते बरं आहे. तुला म्हणायला लागले मी, चालेल ना? एक. मग तू आज मुलगी पाहायला आलासच नाहीस. मग कशाला — मला? मला पाहायला आलास?

एक काय एक! आणि ते परवा कोठीला जायचंय म्हणत होती ती, उद्या गणपती उठला की परवा, साडी घ्यायला, म्हणत होती तुझी निवड हवी आत्या — साडीच घ्यायचीय ना? दोन. डॉक्टर? एक. कट! कट आहे हा सरळसरळ! त्याच डॉक्टरकडे? एक. त्याच्याकडे माझी चप्पल आहे म्हणून? नाही येणार मी. ऐकलंस? बस तसाच. मीही बसते समोर. हरणटोळ एका फांदीवर दिवस काढतो, त्याला घाई नाही, मला घाई नाही, तुझी काय ती सोय तू बघ. आकाशी कुर्ता घालून आलाय मला फसवायला. कोठीला जायचं तर मेघनाला घेऊन जा आणि स्वतःचे डोळे तपासून घे, म्हणावं —

काय झालं? टकटकटक काय लावलंयस? वर सरकला का? एक. हनुवटीवर? एक. नाकाकडे बघतोय? एक. अरे देवा, हर्षद, हलू नकोस, बाळा, डोळे मिटून घे हवं तर, तो डोळ्याला काही करत नाही, मी सांगते ना, कुणी काही करत नाही, थोडा वेळ न हलता, न बोलता बसायचं, भीती तेवढी असते, बाकी काही —

हं.

बघतोयस माझ्याकडे. बघतोयस ना? एक. मला दिसत नाही पण कळतंय. माहीत आहे मघाशी मीच म्हणाले ते. सशासारखी म्हणाले, तेही आठवतंय, उगाळू नकोस. सांग मला, तिथे हलायचं नाही? एक. दुखतं? दोन. खोटं बोलत असशील तर तो चावेल तुला. दुखतं? दोन. तुझ्या घरात झालंय कुणाचं, आईचं? एक. त्या रडल्या का? दोन. मी रडेन. चालेल? एक. आणि बोलायचं नाही? ... एक.

अजिबात? एक.

ते कसं जमायचं रे मला! नाही, खरंच विचारते. हलणार नाही एक वेळ, पण न बोलता? माझी भीती सगळी तोंडावाटे जाते, ती कुठून जायची मग? बरं, असं करू. तू आत यायचंस. मेघनाला बाहेर बसव, ती रडेल आणि मग मी उठेन. तू यायचंस, आणि जे काही लाकूड-लोखंड तिथे असेल त्यावर बोट वाजवायचंस, सगळं ठीक चाललंय तोवर एकेक, थांबायचं नाही. आत सोडत नाहीत कुणाला? ते माझ्यावर सोड, पटवते मी त्याला, चप्पल ठेवून घेतलीय त्यानं माझी. येशील? एक. हे जोरात वाजवलंस. कुर्ता मात्र हिरवा घाल, मला आवडला होता तो.

फाटक वाजलं. ती आली. मेघना! तिथेच उभी राहा, उंबऱ्यात, पुढे येऊ नकोस, पानं खाली ठेवू नकोस, काही करू नकोस! हौ, साप आहे. हौ, त्याच्या अंगावर. मीच वाहिलाय. सगळं कळलंय मला तुझं, पेपरवाचन आणि डबे आणि सगळं, त्याचा हिशेब आपण नंतर करू, आधी याला उतरवू दे. तू नक्को, मीच उतरवते, तू फक्त बघ.

हर्षद, ही फांदी धरलीय मी, मधुमालतीची, खिडकीतून हात घालून आत्ताच तोडली, कालची राहिलेली — हात लावून बघितलीय, पानं आहेत हिला. तुझ्या हनुवटीपाशी आणते. तो आपणहून येईल, झाड सोडून माणसावर बसायला तो काही खुळा नाही. फांदी त्याच्या जवळ आली की एक, लांब गेली की दोन. आणि आता मी बोलणार नाही. खरंच नाही, हसू नकोस, तूही नक्को गं हसू तिकडे. परवा बोलायचं नाहीये ना, मग आजपासून सवय. झालं, मिटलं तोंड.

वाजव.